गुंता होतो, जट येते

जट सुटली. मार्गशीर्षातल्या पुनवेच्या आदल्या दुपारी, आमच्या पुढच्या सोप्यात, एका लाल प्लास्टिकच्या फणीने आणि पोती शिवायच्या दाभणाने. सोडवणारी माझी आई होती आणि सोडवायला लावणारी मी. देवीचा त्यात काडीचाही संबंध नव्हता.

हे आधीच सांगून टाकलं, कारण आता तुम्हाला ते विसरायचं आहे. असं काही झालेलंच नाही. आमच्या गल्लीत येऊन कुणालाही विचारा. देवी आली, राहिली, मान घेतला आणि स्वतःच्या पायांनी गेली, असंच सांगतील. चहाही पाजतील.

माझं नाव शीतल. नाव ठेवणाऱ्यांचा विनोद करायचा हेतू नव्हता.

मी दहावीत होते. गणपतीत मला टायफॉइड झाला आणि मी तीन आठवडे अंथरुणात होते. ताप चढायचा, घाम यायचा, मी उशीवर डोकं इकडून तिकडे घासायची. अंघोळ बंद. फणी लावली की कवटी ठणकायची, म्हणून आईने तेल थापून केसांचा अंबाडा बांधला आणि तो तसाच राहिला. ताप उतरल्यावर तिने मला दारात उन्हाला बसवलं आणि अंबाडा सोडला. तो सुटला नाही. मानेच्या वर, डाव्या बाजूला, मुठीएवढा गोळा झाला होता.

"बया! काय गुंता झालाय बघ," आई म्हणाली. "थांब, टोकाकडनं सोडवू."

लहानपणापासून ती असंच विंचरायची. टोकाकडनं, टोकाकडनं, मुळाशी भांडायचं नाही. तिने फणी टेकवली आणि आतून चहाची कपबशी घेऊन तानूआत्या आली. तानूआत्या म्हणजे माझ्या वडिलांची, अण्णांची, थोरली बहीण. नवरा वारल्यावर ती माहेरी आली आणि घर चालवायला लागली. घर आधी कोण चालवत होतं हे अण्णांना आता आठवत नाही.

"कुसुम! हात काढ!"

आईने हात काढला. कपबशी खाली ठेवून आत्या वाकली आणि माझ्या मानेकडे बघत राहिली. मग तिने पदर डोक्यावरून घेतला. माझ्याशी बोलताना तिने पदर घेतलेला मी तोवर पाहिला नव्हता.

"जट आलीया पोरीला."

"गुंता झालाय, आत्या," मी म्हणाले.

"झालाय न्हवं. आलीया."

सगळी मेख इथे आहे. मराठीत गुंता होतो आणि जट येते. जे होतं ते निस्तरता येतं. जे येतं त्याला पाट मांडावा लागतो. आत्याने क्रियापद बदललं आणि आईच्या हातातली फणी काढून घेतली. फणी कपाटावर गेली, माझ्या केसांना हळदकुंकू लागलं, आणि जो चहा घेऊन ती बाहेर आली होती तो मला देण्यात आला. माझ्या आयुष्यात आत्याने मला पहिल्यांदा चहा दिला, तोही गार.

"फणी लागली तर घराचं वाटोळं हुईल," तिने आईला सांगितलं. "मार्गशीर्षातल्या पुनवंला डोंगरावर न्यायची. देवीफुडं मोती बांधायचं. मग ती देवीची."

"आणि दहावी?" मी विचारलं.

"देवीला कसली दहावी?"

मोती बांधले की मुलगी देवीची होते. तिने शिकायचं नाही, लग्न करायचं नाही, परडी घेऊन दारोदार फिरायचं. बाकी तिचं काय होतं ते आमच्याकडे कुणी मोठ्याने बोलत नाही. मी अण्णांकडे गेले.

"अण्णा, हे कायद्याने बंद आहे."

"आता तसलं काय करत न्हाईत गं," अण्णा पेपरातून डोकं न काढता म्हणाले. "नुसतं मोती बांधायचं."

नुसतं. जणू मी पाय दुखतोय म्हणून दवाखान्यात गेले होते आणि ते मला नुसता पाय कापून देणार होते.

शाळा बंद झाली. मला चौरंगावर बसवलं. अंघोळ घालताना जट ओली होऊ द्यायची नाही, त्यामुळे तिच्यातून जो वास यायचा त्याला गल्लीत सुगंध म्हणत. आत उवांनी वसाहत केली होती. मी खाजवायला हात नेला की आत्या म्हणायची, "बघ, देवी हात फिरवतीया." गोळा वाढत गेला. आसपासचे चांगले केसही त्यात जाऊन बसले. आईला मी रोज सांगायचे, आई, सोडव. रोज. ती भाकरी थापता थापता थांबायची, कपाटाकडे बघायची आणि पुन्हा थापायला लागायची.

मंगळवार-शुक्रवारी लोक यायला लागले.

पहिले आले ते कोपऱ्यावर किराणा दुकान असलेले दगडूतात्या. त्यांची म्हैस हरवली होती.

"आई," त्यांनी माझ्यापुढे डोकं टेकलं. मला शेंबूड पुसताना बघितलेला माणूस. "म्हस कुठं गेली सांगावं."

"तात्या, मी शीतल आहे. मला तुम्ही खोटी चॉकलेटं विकलीयत."

"व्हय आई. म्हस?"

"मला काय माहीत!"

"कोप नगं आई. निस्ती दिशा दावा."

माझं डोकं ठणकत होतं. समोर नारळ, उदबत्ती, आणि हे माणूस हात जोडून म्हशीचा पत्ता मागत होतं. मी ओरडले, "खड्ड्यात गेली तुमची म्हैस!"

म्हैस खड्ड्यात सापडली. शाळेमागे शौचालयासाठी खणलेला आणि मग सगळे विसरून गेलेला खड्डा होता, त्यात ती निवांत रवंथ करत उभी होती. तिला दोर लावून वर काढली आणि वाजतगाजत थेट माझ्या दर्शनाला आणली. म्हशीने मला ओळखलं नाही. त्या अंगणात तेवढीच शहाणी होती.

त्यानंतर मी जितकी चिडायची तितकी गर्दी वाढायची. "निघा इथनं" म्हटलं की बाया एकमेकींना म्हणायच्या, बघ, प्रवासाचा योग सांगितला. मी थाळी भिरकावली तर तिचा पोचा घराघरात नेऊन दाखवला गेला. एकदा मी ठरवून दिवसभर गप्प बसले. संध्याकाळी आत्या सगळ्यांना सांगत होती, आज आईनं मौन धरलंय. मी चौरंगावर बसून चडफडत होते, मी मी आहे, मी मी आहे, आणि प्रत्येक वेळी समोरचा माणूस हात जोडून म्हणत होता, व्हय आई, तूच तू हाईस.

मग एका शुक्रवारी चौगुले सर आले. आमचे विज्ञानाचे सर. त्यांना बघून मला रडू फुटायचं तेवढं राहिलं. वाटलं, आला कुणीतरी शाळेतला माणूस. सरांनी चपला बाहेर काढल्या, आत आले आणि मांडी घालून माझ्यासमोर बसले.

"सर, केस का गुंततात?"

शिक्षकच ते. प्रश्न ऐकताच त्यांची पाठ ताठ झाली. "केसाच्या अंगावर बारीक खवले असतात. माशासारखे. केस कोरडा पडला, घासला गेला, की खवले उभे राहतात आणि एकमेकांत अडकतात. त्यात घाम, तेल, धूळ बसते. न विंचरता ठेवलं की अडकलेल्यात आणखी अडकत जातं. साधं घर्षण आहे. दुसऱ्या प्रकरणात झालंय आपलं."

"मग माझे का गुंतले?"

सर थांबले. आत्या दारात उभी होती. त्यांनी तिच्याकडे पाहिलं, मग उदबत्तीकडे.

"तुमचं वेगळं आहे, आई," ते म्हणाले आणि डोकं टेकलं. "माझ्या बदलीचं तेवढं बघा."

माझा राग तोवर घरगुती होता. त्या दिवशी तो शिकलेला झाला.

"जा तिकडं चंदगडच्या जंगलात!" मी किंचाळले. "अस्वलांना घर्षण शिकवा!"

महिन्याभरात सरांची बदली चंदगड तालुक्यात झाली. मी खुश झाले. दोन दिवसांनी त्यांच्या बाई पेढे घेऊन आल्या. चंदगड त्यांचं माहेर निघालं. तीन वर्षं त्या तिकडेच बदली मागत होत्या.

शाप देऊन पेढे खावे लागणं काय असतं ते मला विचारा.

पुनव जवळ येत चालली. मी आत्याला म्हणाले, "तुझं तोंड एकदाचं बंद होऊ दे." तिची अक्कलदाढ सुजली. दोन दिवस जबडा उघडेना. एवढ्याशा फटीतून पेज ओढत होती, आणि डोळ्यांत पाणी आणून खुणेनेच गल्लीला सांगत होती, की आईने मला स्वतः शिक्षा दिली, माझं भाग्य. सुजलेल्या गालाने इतकं सुखी दिसणारं माणूस मी पुन्हा पाहिलेलं नाही. मला तेव्हा कळायला हवं होतं. कळलं नाही. चिडलेल्या माणसाला स्वतःचंच म्हणणं ऐकू येत नाही.

पुनवेच्या आदल्या दुपारी सगळी तयारी झाली. दारात जीप सांगितली होती. हिरवी साडी, हिरवा चुडा, परडी. आणि एका वाटीत हळदीत बुडवलेले लाल-पांढरे मोती, दोऱ्यात ओवलेले. आत्याची सूज उतरली होती आणि दोन दिवसांचं बोलणं तुंबलं होतं.

"कुसुम, साडी नेसव आईला."

माझी आई साडी घेऊन आली. मला "आई" म्हणायची पाळी अजून तिच्यावर आली नव्हती. आत्याने तेवढी सूट दिली होती. ती माझ्यासमोर बसली. तिने निऱ्या घालायला घेतल्या, मोडल्या आणि पुन्हा घालायला घेतल्या.

"आई," मी म्हणाले, "मला नाही जायचं."

"हूं."

"मला शाळेत जायचंय."

"हूं."

"आई, माझे केस सोडव."

तिने मान वर केली नाही. पलीकडे अण्णा जीपवाल्याशी बोलत होते. दगडूतात्या नारळ घेऊन उभे होते. आत्याने वाटीतून मोती उचलले आणि म्हणाली, "पोरीचं नगं ऐकू, कुसुम. पोर बोलतीया ती. देवी बोलंल तवा ऐकू."

मी तिच्याकडे बघितलं. अडीच महिने मी एकाच गोष्टीवर अडून बसले होते, की मी देवी नाही. तेवढं एक माझं स्वतःचं उरलं होतं. मी ते सोडलं. आवाज चढवला नाही, उलट खाली आणला.

"कुसुम."

आईच्या हातातून साडी पडली. मी तिला नावाने हाक मारली होती.

"फणी आण."

मग आत्याच्या हातातले मोती वाटीत पडले आणि ती हात जोडून खाली बसली.

"आई? काय चुकलं का आई?"

"मी निघाले."

"कुटं आई? डोंगरावर न्यायचंय की तुला. जीप आलीया."

"मला जीप लागते होय गं तान्हे?"

"न्हाई आई, न्हाई!" आत्याने गालात मारून घेतलं. "पर जाणार कशी?"

"आले तशीच. केसांतनं. वाट मोकळी करा."

"मुळातनं कापू?"

"कापलंस तर बघ. टोकाकडनं जाणार. टोकाकडनं वर, जरा जरा सोडवत. मुळाला ओढ बसली तर कोप होईल."

आई कपाटाजवळ गेली. वरून तिने फणी काढली, पदराने पुसली आणि माझ्या मागे येऊन बसली. मी मानेवर तिचा श्वास मोजत होते. तिने टोकाला फणी टेकवली. अडकली.

"कोरडं आहे," मी म्हणाले. "आधी कोमट पाणी. मग खोबरेल. मग कंडिशनर."

"ते काय असतंय आई?" आत्याने विचारलं.

"दगडूच्या दुकानात आहे. शाम्पूच्या शेजारी टांगलंय."

दगडूतात्या धावत सुटले. त्यांनी एक पुडी आणली नाही. दोरीला लटकवलेली पुड्यांची आख्खी माळ तोडून आणली. आत्याने ती दोन्ही हातांत घेतली, कपाळाला लावली आणि कुणी काही म्हणायच्या आत माझ्या गळ्यात घातली.

तर माझ्या गळ्यात माळ पडली हे खरं आहे. मोत्यांची नव्हे. नारळ आणि शिया बटरची.

दुपार सरली. जीपवाला कंटाळून निघून गेला. आई एकेक बट धरायची, गुंत्याच्या वर मुठीत घट्ट आवळायची म्हणजे मुळाला ओढ लागत नाही, आणि खालून फणीचा एकेक दात फिरवायची. जिथे केस दाबून घोंगडीसारखा नमदा झाला होता तिथे दाभणाचं टोक घालून उकलायची. न सुटणारा शेवटचा गाभा तेवढा तिने कात्रीने उभा चिरला, आडवा नाही. आत्या परातीत गळलेले केस झेलत होती. मी दुखलं की डोळे मिटायची आणि आत्याकडून शब्द घ्यायची.

"आजारी पोरीचे केस रोज विंचरायचे. बोल."

"इंचरू आई."

"झोपताना सैल वेणी घालायची. ओले केस बांधायचे नाहीत. तेल थापून आठवडाभर ठेवायचं नाही."

"न्हाई ठेवणार."

"उशीला मऊ, गुळगुळीत कापड. गोणपाटासारखं नको."

"माझं पातळ फाडून करते आई."

"आणि पोरगी शाळेत जाईल."

इथे आत्या थांबली. अण्णांकडे बघितलं. पुड्यांची माळ माझ्या गळ्यात चुरचुरली.

"तान्हे, जबडा बरा आहे ना?"

"जाईल आई! सोमवारपास्नंच जाईल!"

उन्हं कलली तेव्हा फणी पहिल्यांदा मुळापासून टोकापर्यंत न अडखळता गेली. आईने ती पुन्हा एकदा फिरवली, उगीचच. मग आणखी एकदा. आत्या परात घेऊन देव्हाऱ्याकडे गेली, अण्णा आणि दगडूतात्या तिच्या मागून गेले, आणि सोप्यात आम्ही दोघीच उरलो.

आई माझ्या कानाशी वाकली. "शीतल," ती कुजबुजली, "तूच होतीस न्हवं?"

मी मान डोलावली.

"मला कळलं हुतं. 'टोकाकडनं' म्हणालीस तवाच कळलं." ती रडत होती की हसत होती ते मला मागून दिसत नव्हतं. "मग आधी का न्हाई गं बोललीस?"

मी वळले. "आई, मी रोज बोलत होते. रोज सांगत होते, सोडव म्हणून. मघाशीसुद्धा सांगितलं."

"तसं न्हवं गं," आई म्हणाली आणि माझ्या वेणीला पेड घालायला लागली. सैल. "असं."

त्या एका शब्दावर मला जितका राग आला तितका आत्यावर कधी आला नाही, सरांवर नाही, म्हशीवर तर नाहीच. पण मी काही बोलले नाही. देवी नुकतीच गेलेली. लगेच ओरडले असते तर परत आली म्हणाले असते.

सोमवारी मी शाळेत गेले. दहावी झाले, पुढेही शिकले, आता कोल्हापुरात नोकरी करते. आमच्या गल्लीत आजारी मुलीचे केस न चुकता विंचरतात, उशांना जुन्या पातळांचे अभ्रे आहेत, आणि विचारलं तर सांगतात, देवीची आज्ञा आहे. आत्याने गळलेल्या केसांचा गोळा पितळी डब्यात घालून देव्हाऱ्यात ठेवला आहे. दर शुक्रवारी त्याला नैवेद्य असतो. घरी गेले की तो मलाच दाखवावा लागतो. मी माझ्याच केसांना खीर वाढते.

परवा आईशी फोनवर काहीतरी बोलणं निघालं आणि मी खूप वर्षांनी तिच्यावर चिडले. मनापासून, आवाज चढवून. पलीकडून आत्याचा आवाज आला, "कुसुम, कापूर कुटं हाय?"

तरी संबंधितांस विनंती, की भाद्रपद ते मार्गशीर्ष या कालावधीत अर्जदाराने केलेला सर्व राग, म्हणजे दगडूतात्यांवरचा, चौगुले सरांवरचा, तानूआत्यावरचा, तसेच आईवरचा, जो अर्जदाराने अद्याप काढलेलाच नाही, हा चुकीने देवीच्या नावे लागला असून तो तिच्या नावावरून कमी करून अर्जदार शीतल हिच्या नावावर लावून मिळावा. पुराव्यादाखल केसांचा डबा सोबत जोडायचा होता. घरचे देव्हाऱ्यातून काढू देत नाहीत.